शत्रूचा शत्रू आपला मित्र काय?
(चपटकृमींच्या वैऱ्यांची कथा)

गेल्या श्रावणातली गोष्ट. आमच्या विद्यालयाच्या विज्ञानकक्षातील मत्स्यपेटीभोवती आठवीच्या मुलांनी गर्दी केली होती. पेटीत गप्पी माशांची पिल्ले नुकतीच जन्माला आली होती. आणि त्याच आठवड्यात काचेच्या आतल्या अंगाने नखाएवढे पांढुरके किडे संथपणे सरकताना दिसू लागले होते. विज्ञानाचे शिक्षक रजेवर असल्यामुळे मराठी व इतिहास शिकवणाऱ्या आमच्याकडे पेटीची देखरेख आली होती.

एका विद्यार्थ्याने एक किडा वाटीत घेऊन ब्लेडने त्याचे तीन तुकडे केले आणि "संपला एकदाचा!" असे जाहीर केले. वाटी तशीच खिडकीत राहिली. पंधरवड्याने पाहतो तो वाटीत तीन किडे! तेव्हा दुसरा विद्यार्थी म्हणाला, "सर, शत्रूचा शत्रू तो आपला मित्र. ह्यांना खाणारा मासा आणून सोडू या." राजनीतीतले हे वचन आम्हीच वर्गात शिकवले होते, नाही कोणत्या तोंडाने म्हणणार? आम्ही दोन गुरामी मासे आणून पेटीत सोडले. त्याचा निकाल काय लागला ते शेवटी सांगू. तत्पूर्वी हा शत्रू कोण आणि त्याचे शत्रू कोण, ह्याचा जो शोध आम्ही पुस्तकांतून घेतला तो वाचकांपुढे ठेवतो.

हे किडे म्हणजे प्लॅनेरिया. चपटकृमींच्या मोठ्या कुळातले ते एक घराणे. गुरांच्या यकृतात राहणारा कृमी आणि माणसाच्या आतड्यात वाढणारा पट्टकृमी हे ह्याचेच भाऊबंद. परंतु प्लॅनेरिया परोपजीवी नव्हे, तो स्वतंत्रपणे शिकार करून जगतो. त्याचे तोंड डोक्याला नसून पोटाच्या मध्यावर असते. तेथून नळीसारखी सोंड बाहेर काढून तो भक्ष्याचा रस शोषून घेतो, आणि न पचलेला भाग त्याच वाटेने बाहेर टाकतो. अंगाखालच्या केसांसारख्या सूक्ष्म तंतूंच्या हालचालीने तो चिकट स्रावावरून घसरत जातो. त्याची पुनर्जननशक्ती तर अलौकिकच म्हटली पाहिजे. पुढे १९३३ साली नोबेल पारितोषिक मिळवणारे अमेरिकन शास्त्रज्ञ टी. एच. मॉर्गन ह्यांनी १८९८ च्या सुमारास ह्या कृमींवर प्रयोग केले. मूळ शरीराच्या सुमारे २७९ व्या भागाएवढ्या तुकड्यातूनही नवा कृमी घडू शकतो, असे त्या प्रयोगांच्या संदर्भात सांगितले जाते. तेव्हा आमच्या विद्यार्थ्याच्या ब्लेडची काय मातबरी!

अशा प्राण्याला खाणार तरी कोण? त्याच्या अंगावरचा चिकट स्राव बहुतेक प्राण्यांना आवडत नाही. पुष्कळ मासे त्याला तोंडात घेतात आणि लगेच थुंकून टाकतात. तथापि अगदीच शत्रू नाहीत असे नव्हे. गोड्या पाण्याच्या पेटीत गुरामी, फायटर आणि पॅराडाईज हे मासे भूक असेल तेव्हा प्लॅनेरिया टिपतात. तळ्यांत व ओढ्यांत हे काम न्यूट नावाचे पालीसारखे दिसणारे उभयचर आणि चतुर, टाचण्या ह्यांची पाण्यात वाढणारी पिल्ले करतात. परंतु हे सिद्ध करणे सोपे नव्हते, कारण प्लॅनेरियाला हाड ना कवच. खाणाऱ्याच्या पोटात त्याची खूणही उरत नाही. म्हणून ब्रिटनमधील डेव्हिस आणि रेनॉल्डसन ह्या संशोधकांनी एक युक्ती योजली. प्लॅनेरियाच्या शरीरद्रव्याला ओळखणारी रक्तलस तयार करून त्यांनी जलचरांच्या पोटातला ऐवज तपासला, आणि तळ्यातले गुप्त शिकारी उघडकीस आणले. त्यांचा हा अभ्यास १९७१ साली प्रसिद्ध झाला.

खाऱ्या पाण्याच्या प्रवाळपेट्यांतही असाच एक तांबूस उपद्रवी कृमी माजतो. त्याची गणना पूर्वी चपटकृमींत होत असे. आता शास्त्रज्ञ त्याला वेगळ्या गटात घालतात. चेलिडोनुरा व्हेरियन्स नावाची निळ्या रेघांची, मखमलीसारखी काळी समुद्री गोगलगाय त्याच्यावर ताव मारते. पण ती असले कृमी सोडून दुसरे काही खातच नाही. पेटी स्वच्छ झाली की तिची उपासमार सुरू होते आणि अखेर ती मरते. शत्रू संपवणाऱ्या सैनिकाची गत काय होते, ह्याचा विचार सेनापतीने आधीच केलेला बरा!

आता जमिनीवर येऊ. आपल्याकडे पावसाळ्यात कुळागरात, माडापोफळींच्या मुळाशी किंवा कुंडीखाली, हातोडीसारख्या आडव्या डोक्याचा लांबट किडा कधी कधी दिसतो. तो जमिनीवरचा चपटकृमी. ह्या घराण्यातील एका जातीचे वर्णन मोसली ह्यांनी १८७८ साली केले ते लंडनजवळच्या क्यू उद्यानातील काचगृहात सापडलेल्या नमुन्यावरून. म्हणून तिला 'बायपॅलियम केवेन्से' हे नाव मिळाले. तिचे मूळ घर मात्र आग्नेय आशियात. रोपांच्या कुंड्यांतील मातीतून ती जगभर पोचली. गांडूळ हे तिचे आवडते भक्ष्य. केंड माशात असते तेच टेट्रोडोटॉक्सिन नावाचे विष हिच्याही अंगात असल्याचे २०१४ साली दिसून आले. मग पक्षी तिच्या वाटेला का जातील?

न्यूझीलंडमधला दुसरा एक चपटकृमी १९६३ साली उत्तर आयर्लंडमधील बेलफास्ट येथे आढळला. पुढे तो स्कॉटलंडमध्येही पसरला आणि तेथील गांडुळांवर तुटून पडला. जी गांडुळे जमीन भुसभुशीत करतात, पाणी मुरवतात, तीच कमी झाल्यावर शेतकऱ्याने काय करावे? काही भुंगेरे व त्यांच्या अळ्या ह्या कृमीला खातात असे १९९७ साली संशोधकांनी दाखवून दिले. परंतु त्याच्या प्रसाराला आळा घालण्याइतके बळ त्यांच्यात दिसले नाही. ब्राझीलमध्ये एक मांसाहारी गोगलगाय जमिनीवरचे चपटकृमी खाताना आढळली आहे. आणि गंमत अशी की, चपटकृमींना खाणाऱ्यांत खुद्द काही चपटकृमीही आहेत.

"मग ती गोगलगाय, ते भुंगेरे जिकडे तिकडे नेऊन सोडावेत," असे कोणी म्हणेल. ह्या सूचनेला उत्तर देणारी एक खरी हकीकत आहे, आणि ती आपल्या देशातल्या एका घटनेशी जोडलेली आहे. आफ्रिकेची मोठी गोगलगाय १८४७ साली बेन्सन नावाच्या एका शंखप्रेमी इंग्रजाने मॉरिशसहून कलकत्त्यास आणली. पुढे ती आशियात व पॅसिफिक बेटांवर पसरून बागायतींचा काळ ठरली. तेव्हा तिचा शत्रू शोधण्यात आला. तो होता न्यू गिनीचा एक चपटकृमी, 'प्लॅटीडेमस मॅनोक्वारी'. १९८१ साली फिलिपाईन्सच्या बुगसुक बेटावर आणि १९८५ साली मालदीवमध्ये तो मुद्दाम सोडण्यात आला. मोठ्या गोगलगाईंचा त्याने फडशा पाडला खरा. पण शत्रूची गोगलगाय कोणती आणि घरची कोणती हे त्याला कोणी शिकवले नव्हते! ज्या ज्या बेटावर तो पोचला तेथील निरुपद्रवी गोगलगाईंवर त्याने तोच प्रयोग केला. जपानच्या चिचिजिमा बेटावर तो १९९० नंतरच्या दशकात शिरला, आणि जगात अन्यत्र कोठेही नसलेल्या तेथील गोगलगाई बहुतांश भागातून नाहीशा झाल्या. जगातील सर्वांत घातक अशा १०० आगंतुक जीवांची एक यादी २००० साली प्रसिद्ध झाली. तीत ती आफ्रिकी गोगलगाय आहे, आणि तिचा शत्रू असलेला हा कृमीही आहे. रोग आणि औषध, दोघांची नावे एकाच पानावर!

आता आमच्या पेटीकडे वळू. गुरामींनी काही किडे टिपले, हे आम्ही डोळ्यांनी पाहिले. परंतु तिसऱ्या दिवशी सकाळी मुले पाहतात तो गप्पीची पिल्ले एकही शिल्लक नाहीत. ज्या पिल्लांच्या रक्षणासाठी मित्र आणला, त्या पिल्लांनाच मित्राने गिळले होते. ज्याने मासा सुचवला तो विद्यार्थी त्या दिवशी मधल्या सुट्टीत कोणाशी बोलला नाही. चूक त्याची नव्हती. संमती देणाऱ्या आमची होती, आणि हे आम्ही त्याला सर्वांसमक्ष सांगितले.

मग आम्ही खऱ्या कारणाचा शोध घेतला. जो तो येता-जाता चिमूटभर खाद्य टाकीत होता. न खाल्लेले अन्न वाळूत साचत होते, आणि त्या आयत्या ताटावर किडे पोसत होते. गुरामींना वेगळी पेटी दिली. खाद्य दिवसातून एकदाच व मोजके, ते घालण्याची पाळी एकाचीच, आणि आठवड्यातून एकदा वाळूतला गाळ काढणे, असा नियम केला. रात्री मांसाचा तुकडा घातलेली छोटी बाटली पेटीत ठेवून, सकाळी तीत जमलेले किडे बाहेर काढू लागलो. दिवाळीच्या सुट्टीपर्यंत काचेवर किडा क्वचितच दिसू लागला. तो समूळ गेला नसेल. पण माजलाही नाही.

विद्यार्थिमित्रांनो, राजनीतीतले ते वचन राजनीतीत खरे असेल. निसर्गाच्या दरबारात मात्र कोणी कोणाचा मित्र म्हणून जेवायला बसत नाही. जो तो आपल्या भुकेने बसतो. म्हणून आपल्या कुळागरातले भुंगेरे, ओहोळावरचे चतुर आणि टाचण्या ह्यांना उगाच मारू नका. ते आपल्या जागी आपले काम मुकाट्याने करीत आहेत. परगावाहून रोप आणाल तेव्हा कुंडीचा तळ उलटून पाहा. हातोडीडोक्याचा किडा दिसलाच तर त्याला उघड्या हाताने स्पर्श करू नका, आणि त्याचे तुकडे तर मुळीच करू नका. आणि कोणत्याही शत्रूवर नवा मित्र सोडण्यापूर्वी स्वतःला एक प्रश्न अवश्य विचारा: ह्या शत्रूला जेवू कोण घालीत आहे? आमच्या पेटीपुरते त्याचे उत्तर आम्हांला मिळाले. जेवू घालणारे आम्हीच होतो.