सगळे गोठले, आपण मात्र चालते

छत्तीसगडच्या सीमेलगतचं चिचगड असो की मुंबईची चाळ, पोरांना काळ थांबवायला यंत्र लागत नाही. एक शब्द पुरतो. विषामृतात ज्याच्यावर डाव आलाय तो शिवतो, ‘विष’ म्हणतो, आणि पळणारा आहे तिथंच गोठतो. गडी बाद होत नाही, हीच यातली मेख. सवंगड्यानं ‘अमृत’ म्हणत शिवेपर्यंत नाकावर माशी बसली तरी तो हलत नाही. डोळे मात्र सगळा डाव टिपत असतात. ‘स्टॅच्यू’त तर म्हणणाऱ्याचीच चंगळ: समोरचा हसू दाबत उभा, आणि ‘ओव्हर’ कधी म्हणायचं ते आपल्या हातात.

साहसकथांमध्ये काळ थांबवण्याची जी ओढ आहे, ती मला वाटतं हीच. सगळंच थांबलं तर गंमत कसली? आपण तेवढे चालते राहायला हवेत.

एच. जी. वेल्स यांच्या ‘द न्यू ॲक्सलरेटर’ (१९०१) या कथेतल्या प्राध्यापकाच्या औषधानं शरीर हजारो पटींनी वेगात चालू लागतं. हातातून सुटलेला पेला हवेतच लटकलेला दिसतो, मधमाशी गोगलगायीच्या गतीनं पंख हलवते. वेल्स यांनी काळ थांबवलाच नाही, माणसाला वेग दिला, आणि ही मोठी हुशारी आहे. काळ खरोखर थांबला तर प्रकाशही थांबेल. डोळ्यांत काही शिरणारच नाही, मिट्ट काळोख. वेगाची किंमतही ते वसूल करतात: हवेच्या घर्षणानं प्राध्यापक आणि कथा सांगणारा, दोघांचेही कपडे करपू लागतात.

‘प्रिन्स ऑफ पर्शिया: द सॅण्ड्स ऑफ टाइम’ (२००३) या गेममध्येही किंमत आहे: खंजिरातल्या वाळूनं काळ मागे फिरवता येतो, पण ती संपली की चुकलेली उडी मागे घेता येत नाही. मला त्याहून ‘सुपरहॉट’ (२०१६) आवडतो. तिथं आपण हललो तरच काळ पुढं सरकतो. गोळी कपाळापुढं येऊन जवळजवळ थांबते आणि खेळणारा ठरवत बसतो: डावीकडं वळू की खाली वाकू?

पुराणातल्या राजा ककुद्मीवर हा खेळ उलटला. मुलगी रेवतीला घेऊन तो वर विचारायला ब्रह्मलोकी गेला. तिथं गाणं चाललं होतं, म्हणून क्षणभर थांबला. तेवढ्यात पृथ्वीवर २७ चतुर्युगं उलटली. मनात धरलेले सगळे वर नातवंडा-पतवंडांसह काळाआड गेले. ब्रह्मदेवानं बलरामाचं नाव सुचवलं. विष्णुपुराण सांगतं, जुन्या युगातली रेवती फारच उंच होती. बलरामानं नांगराच्या टोकानं तिला बेताची केली आणि मग लग्न लागलं.