दमट किनाऱ्यावरील वाळवंटी सफारी : गैरसमज आणि वस्तुस्थिती

कतारच्या आग्नेय कोपऱ्यात, जेथे वाळूच्या टेकड्या थेट समुद्रात उतरतात त्या खोर अल अदैद या राखीव क्षेत्रात, दोह्याहून चारचाकी सफारीला जाणाऱ्यांत आखातात नोकरीनिमित्त राहणारी मराठी कुटुंबेही असतात. वाळवंट म्हणजे कोरडा उष्मा, हा या सफारींविषयीचा मूळ गैरसमज होय. येथील पुष्कळसे धोके ओलाव्यातून उद्भवतात.

उन्हाळ्यात आखाताचे पाणी पृष्ठभागी ३२ अंश सेल्सिअसच्याही वर तापते आणि त्यावरून येणारी हवा इतकी दमट असते की घाम येतो पण सुकत नाही. घाम सुकण्यानेच शरीर निवत असल्यामुळे ३८ अंशांचा दमट दिवस ४५ अंशांच्या कोरड्या दिवसापेक्षा घातक ठरू शकतो, आणि अशा वेळी नुसते भरपूर पाणी पिऊन उष्माघात टळत नाही. तापमान, आर्द्रता, ऊन व वारा एकत्र मोजणारा निर्देशांक ३२.१ अंशांपुढे गेल्यास उघड्यावरील काम थांबवावे, असा नियम कतारने २०२१ मध्ये केला तो याच कारणाने.

दुसरा ओलावा जमिनीखाली असतो. सबखा, म्हणजे किनाऱ्यालगतचे खारवट सपाट मैदान, वरून डांबरी रस्त्यासारखे टणक भासते; परंतु मिठाच्या पापुद्र्याखाली चिखल असतो आणि पापुद्रा फुटला की गाडी तळापर्यंत बसते. चारही चाकांना जोर मिळतो म्हणून ती निघेल, ही समजूत खोटी, कारण फिरणारे चाक खड्डा अधिकच खोल करते. टायरमधील हवा १५ ते १८ पीएसआयपर्यंत उतरवण्याची युक्ती, जिच्यामुळे टायरचा वाळूवर टेकणारा भाग वाढतो, टेकड्यांवर उपयोगी पडते, सबख्यात मात्र तिच्यावर भिस्त ठेवता येत नाही. त्याहून गंभीर चूक म्हणजे रुतलेल्या गाडीत एसीसाठी इंजिन चालू ठेवून बसणे : धुराडे वाळूत गाडले गेले असेल, तर विषारी कार्बन मोनॉक्साइड आत साचतो, आणि त्याला वास नसतो.

वाळवंट निर्जीव असते हेही खरे नव्हे. सबख्यावरील चाकोऱ्या वर्षानुवर्षे राहतात. उत्तरेकडील फुवैरित किनाऱ्यावर एप्रिल ते जुलैदरम्यान हॉक्सबिल कासवे अंडी घालतात, आणि वाळूखालची घरटी चालकाला दिसत नाहीत.

रुळलेल्या वाटेने, किमान दोन गाड्यांनी, हिवाळ्यात जाणे हीच येथील जबाबदार सफारी. भर उन्हाळ्यातील दुपारची सफारी विकूच नये.