एकदाच फुटलेला तारा पुन्हा पुन्हा का दिसला?

११ डिसेंबर २०१५ रोजी हबल दुर्बिणीने सिंह तारकासमूहातल्या एका दूरच्या दीर्घिका-समूहाच्या छायाचित्रात प्रकाशाचा नवा ठिपका टिपला. खगोलशास्त्रज्ञ त्याची वाटच पाहत होते. तो कुठे आणि साधारण कधी उगवेल, याचं गणित त्यांनी आधीच मांडून ठेवलं होतं. वर्षभरापूर्वी, नोव्हेंबर २०१४ मध्ये, त्याच समूहातल्या एका दीर्घिकेभोवती क्रुसाच्या आकारात चार ठिपके सापडले होते. हा पाचवाही त्याच सुपरनोव्हाचा होता. त्याचं नाव ‘रेफ्सदाल’.

तिथे काळ मागे फिरला आणि तोच स्फोट नव्याने घडला, असं अनेकांना वाटतं. तसं काही झालं नाही. तारा फुटला एकदाच, सुमारे ९३० कोटी वर्षांपूर्वी. त्याचा प्रकाश चहूकडे निघाला आणि वाटेत, आपल्यापासून सुमारे ५०० कोटी प्रकाशवर्षांवर, हा दीर्घिका-समूह आडवा आला. समूहाच्या प्रचंड वस्तुमानाने किरणांच्या वाटा वाकवल्या, आणि एरवी भलतीकडे गेले असते असे किरणही पृथ्वीकडे वळले. मुंबईहून एकाच वेळी निघालेली एक गाडी द्रुतगती मार्गाने आणि दुसरी माळशेज घाटातून पुण्याला आली, तर त्या एकत्र कशा पोहोचतील?

मात्र उशिराचं कारण केवळ वाटेची लांबी नाही. मोठ्या वस्तुमानाजवळ काळ संथ चालतो. समूहाच्या दाट भागातून आलेल्या किरणांना त्यामुळे आणखी विलंब झाला. हा परिणाम अर्विन शपिरो यांनी १९६४ मध्ये सांगितला होता आणि सूर्याजवळून जाणाऱ्या रडार लहरींवर तो पुढे मोजलाही गेला. वाटेत प्रकाश दमला किंवा त्याचा वेग कमी झाला, असं मात्र समजू नये. प्रत्येक ठिकाणी, तिथल्या घड्याळाने मोजला तर तो त्याच वेगाने धावत होता. पाचव्या ठिपक्याला पहिल्यापेक्षा सुमारे ३७६ दिवस उशीर झाला, आणि हा फरक पाच-सहा दिवसांच्या अचूकतेने मोजता आला. शेकडो कोटी वर्षांच्या प्रवासातला हा उशीर दिवसांत सांगता येतो, याचं मला अजूनही अप्रूप वाटतं.

पाठ्यपुस्तकांतल्या चित्रानेही एक घोटाळा केला आहे. ताणलेल्या रबरी पडद्यावर जड गोळा ठेवलेला दिसतो आणि फक्त अवकाश वाकतं, असा ग्रह होतो. खरं तर सूर्यालगत प्रकाश जेवढा वळतो, त्यातला अर्धा वाटा काळाच्या वक्रतेचा असतो. १९१९ च्या खग्रास ग्रहणात एडिंग्टन आणि सहकाऱ्यांनी तपासलेला आइन्स्टाइनचा अंदाज १.७५ कोनीय सेकंदांचा होता. एकट्या काळाचा परिणाम धरला, तर तो जेमतेम ०.८७ भरतो.

पाचवा ठिपका आधी सांगता आला म्हणजे भविष्यात डोकावता आलं, असंही नाही. तो प्रकाश केव्हाच निघालेला होता. गणित होतं ते त्याच्या येण्याच्या वेळेचं. त्याच गणितानुसार आणखी एक प्रतिमा विसाव्या शतकाच्या अखेरीस येऊनही गेली असावी. तेव्हा तिकडे कुणाचं लक्ष नव्हतं.

हौशी दुर्बिणीतून हे ठिपके दिसणार नाहीत. पण चैत्रातल्या रात्री उत्तरा फाल्गुनी शोधून तिच्या उत्तरेला सुमारे आठ अंश नजर नेली, की दिशा तीच.

नॉर्वेचे शूर रेफ्सदाल यांनी १९६४ मध्येच सुचवलं होतं की असा विलंब मोजून विश्वाच्या प्रसरणाचा वेग काढता येईल. २०२३ मध्ये या सुपरनोव्हावरून तो दर मेगापार्सेकला सेकंदाला सुमारे ६७ किलोमीटर निघाला. त्यातली अनिश्चितता अजून मोठी आहे, म्हणून असे आणखी सुपरनोव्हा हवेत. तिमिंगल तारकासमूहात ‘रेक्विएम’ नावाच्या दुसऱ्या एका स्फोटाच्या तीन प्रतिमा २०१६ च्या छायाचित्रांत सापडल्या आहेत. चौथीही पुढे येणं अपेक्षित आहे.