कंपू ते कॅम्प नंबर पाच

उल्हासनगरच्या माणसाचा अर्ज कधी हातात आला, तर 'कायमचा पत्ता' हा रकाना जरूर वाचा. तिथे बॅरेक नंबर असतो आणि त्यापुढे कॅम्प नंबर. बॅरेक म्हणजे शिपायांनी पाठ टेकण्याची जागा आणि कॅम्प म्हणजे चार दिवसांचा मुक्काम. आज उतरायचं, उद्या तंबू गुंडाळून पुढे निघायचं, एवढंच या शब्दांचं मूळ काम. तेच शब्द इथे पाऊणशे वर्षं 'कायमचा पत्ता' म्हणून नांदत आहेत. इंग्रजीतून आलेल्या एखाद्या शब्दाचा अर्थ मराठी मुलखात इतका उलटा फिरलेला मी दुसरीकडे पाहिलेला नाही.

याला कारण आहे इतिहास. दुसऱ्या महायुद्धात कल्याणजवळच्या मोकळ्या माळावर लष्कराने ये-जा करणाऱ्या फौजेसाठी तळ उभारला, तो 'कल्याण कॅम्प'. युद्ध संपलं, बॅरेकी ओस पडल्या आणि फाळणीनंतर सिंधमधून आलेल्या सुमारे एक लाख निर्वासितांना तिथे आसरा मिळाला. ८ ऑगस्ट १९४९ रोजी गव्हर्नर जनरल चक्रवर्ती राजगोपालाचारी यांच्या हस्ते नव्या नगराची पायाभरणी झाली आणि शेजारून वाहणाऱ्या उल्हास नदीवरून त्याला उल्हासनगर हे नाव मिळालं. पुढे नगरपालिका आली, महानगरपालिका आली. पण पाच कॅम्पांचे आकडे कोणी पुसले नाहीत. रेल्वेच्या पश्चिमेला एक, दोन, तीन आणि पूर्वेला चार, पाच.

टपालखात्याने तर त्यावर शिक्काच मारला. १९७२ साली पिनकोड सुरू झाले. उल्हासनगरच्या कॅम्प एकचा पिन ४२१००१, दोनचा ४२१००२, आणि असंच पाचपर्यंत. शेवटचा आकडा पाहिला की पाकीट कुठल्या कॅम्पात जाणार ते कळतं. रोजच्या बोलण्यात हा शब्द आणखी आखूड होतो. रिक्षावाला 'तीन नंबर, तीन नंबर' असं ओरडतो आणि जीन्सच्या धंद्यातला माणूस 'माल पाच नंबरचा आहे' म्हणतो. नुसतं 'कॅम्पात राहतो' म्हटलं तर इथे काहीच कळत नाही, नंबर सांगावा लागतो. पुण्यात मात्र 'जरा कॅम्पात जाऊन येतो' म्हटलं की महात्मा गांधी रस्त्यावरची खरेदी डोळ्यांपुढे येते. देवळाली कॅम्प, मालेगाव कॅम्प हीसुद्धा लष्करी मुक्कामाचीच पोरं, पण आकडे लावून पाच भावंडं नांदतात ती इथेच.

आता लोकलने पुढे अंबरनाथला, बदलापूरला उतरा. तिथे कॅम्प हे गावाचं नाव नाही, तो 'लागतो'. चौकातला फ्लेक्स सांगतो की रविवारी मोफत नेत्रतपासणी कॅम्प आहे. मांडव, चार टेबलं, डोळ्यांचा तक्ता, दुपारी दोनपर्यंत सगळं आटोपतं. आधारकार्ड दुरुस्तीचा कॅम्प असतो, रक्तदानाचा असतो. कॉलेजातला मुलगा 'एनसीसीच्या कॅम्पला गेलाय', आणि पावसाळा सरला की मुंबईची तरुण मंडळी बदलापूरच्या आसपास तंबू ठोकून 'कॅम्पिंग' करतात. सरकारी कचेरीत साहेब घरी बसून काम पाहतात ते 'कॅम्प ऑफिस'. पूर्वी कलेक्टर थंडीत जिल्हाभर फिरत, मुक्कामाच्या गावाहून पत्रं लिहीत आणि वर 'कॅम्प' घालत, त्याचीच ही खूण. म्हणजे अर्ध्या तासाच्या रेल्वेप्रवासात एकच शब्द कुठे अर्ध्या दिवसाचा असतो, कुठे दहा दिवसांचा, आणि कुठे तीन पिढ्यांचा.

खरी गंमत अजून पुढेच आहे. हा शब्द मराठीत पहिल्यांदा आला तो उल्हासनगरमुळे नव्हे, आणि इंग्रजांच्या छावणीमुळेही नव्हे. महादजी शिंद्यांनी १७८४ पासून बेन्वा द बॉइन्य या सॅव्हॉयच्या अधिकाऱ्याकडून कवायती पलटणी उभ्या करवल्या. त्या पलटणींना म्हणत 'कंपू'. युल आणि बर्नेल यांच्या १८८६ च्या 'हॉब्सन-जॉब्सन' या कोशात हा शब्द आहे. तो इंग्रजी 'कॅम्प'वरून, किंवा अधिक खरं म्हणजे पोर्तुगीज 'कांपो'वरून आला, आणि मराठ्यांच्या पदरी युरोपीय अधिकाऱ्यांच्या हाताखाली असलेल्या फौजेला तो खास लावत, असं तिथे म्हटलं आहे. याच कंपूंनी १७९० मध्ये राजपुतान्यातल्या पाटण आणि मेडत्याच्या लढाया जिंकल्या. इंग्रजांशी झालेल्या १८०३ च्या युद्धात त्या पलटणी गेल्या, शब्द मात्र मराठीत राहिला. आज आपण 'त्यांचा कंपू वेगळा आहे' म्हणतो, 'कंपूबाजी'वर नाक मुरडतो, आणि तोफा ओढणाऱ्या पलटणी आपल्या ध्यानीमनीही नसतात. कॅम्प आणि कंपू हे एकाच घराण्याचे. कंपू दोनशेहून अधिक वर्षांपूर्वी आला, कॅम्प मागाहून, आणि दोघांची ओळख कोणी करून दिली नाही.

उल्हासनगरला एक थोरलं भावंडही आहे. महादजींचे वारस दौलतराव शिंद्यांनी १८१० च्या सुमारास ग्वाल्हेरच्या किल्ल्याखाली तळ दिला. तो तळ हललाच नाही, त्याचं शहर झालं आणि नाव राहिलं 'लष्कर'. त्याच लष्करात 'कंपू' नावाची वस्ती आजही आहे. तंबूंचं गाव करण्याची करामत मराठी माणसांनी उल्हासनगरच्या आधी जवळजवळ दीड शतक करून दाखवली होती.

कॅम्प, कंपू, कांपो या सगळ्यांचं मूळ लॅटिन 'कांपुस', म्हणजे मोकळं सपाट मैदान. रोममध्ये मंगळदेवाच्या नावाच्या अशाच मैदानात सैन्य कवायत करी. मैदानावरची मोहीम ती 'कॅम्पेन', मैदानात लढणारा तो 'चॅम्पियन', मोकळ्या माळांचा फ्रेंच प्रांत तो 'शँपेन' आणि तिथली दारूही तीच. जर्मनमध्ये लढाईला 'काम्प्फ' म्हणतात, तोही बहुधा यातलाच. अमेरिकेत प्रिन्स्टनच्या आवाराला अठराव्या शतकात थेट लॅटिन नावाने 'कॅम्पस' म्हणू लागले. उल्हासनगर स्टेशनसमोरच्या सीएचएम कॉलेजात शिकणारी मुलं तीन नंबर कॅम्पातल्या कॅम्पसवर जातात, म्हणजे एकाच लॅटिन शब्दाच्या दोन नातवंडांना रोज भेटतात.

इंग्रजी बोलीत बहुधा याच शब्दाने आणखी एक वळण घेतलं. अंगविक्षेप, भडक नटवेपणा, मुद्दाम केलेला अतिरेक यालाही विसाव्या शतकात 'कॅम्प' म्हणू लागले, आणि अमेरिकन लेखिका सुझन सोंटाग यांनी १९६४ मध्ये त्यावर निबंध लिहिला. हा अर्थ मराठीत शिरला नाही, आणि मला वाटतं शिरण्याची गरजही नव्हती, 'नाटकी' हा शब्द आपल्याकडे होताच. आपल्याकडे छावणीच्या शब्दाने याहून मोठी झेप घेतली आहे. तुर्की 'ओर्दू' म्हणजे लष्करी तळ. त्यावरून एका अख्ख्या भाषेला 'उर्दू' हे नाव पडलं.

वयाच्या दहाव्या वर्षी या बॅरेकींत उतरलेली मुलं आज नव्वदीच्या घरात आहेत. 'कॅम्प' हा शब्द त्यांनी पहिल्यांदा कोणाच्या तोंडून ऐकला, गाव सुटल्यावर तो कसा वाटला, 'आमचा कॅम्प' असं ती कधीपासून म्हणू लागली, हे कुठल्याच कोशात सापडणार नाही. तुमच्या इमारतीत, ओळखीत अशी आजी किंवा आजोबा असतील तर या महिन्यातच त्यांना विचारा, आणि त्यांनी सांगितलेलं त्यांच्याच शब्दांत लिहून ठेवा.