विश्लेषण : ‘व्हीप’ ते ‘द डेथ ऑफ स्टालिन’… आर्मांडो यानुचींचा विनोद सत्ताधाऱ्यांना का झोंबतो?

जो बायडेन यांनी २१ जुलै २०२४ रोजी अमेरिकी अध्यक्षपदाच्या निवडणुकीतून माघार घेतली आणि उपाध्यक्ष कमला हॅरिस यांचे नाव पुढे आले. त्या आठवड्यात अमेरिकेत ‘व्हीप’ या जुन्या विनोदी मालिकेची प्रेक्षकसंख्या अचानक वाढली. कारण अध्यक्ष पुन्हा निवडणूक न लढण्याचे ठरवतात आणि महिला उपाध्यक्ष मैदानात उतरते, हे मालिकेत दहा वर्षांपूर्वीच घडून गेले होते. या मालिकेचे जनक आर्मांडो यानुची हे स्कॉटिश निर्माते आहेत.

कोण आहेत यानुची?

यानुची यांचा जन्म १९६३ मध्ये ग्लासगोत झाला. वडील मूळचे इटलीतील नेपल्सचे. ऑक्सफर्डमध्ये मिल्टनच्या काव्यावर सुरू केलेली पीएच.डी. अर्धवट सोडून ते बीबीसी रेडिओत दाखल झाले. १९९१ मध्ये त्यांनी ‘ऑन द अवर’ हा रेडिओ कार्यक्रम केला. बातम्या खोट्या, पण निवेदकांचा आव अगदी खऱ्या बातमीपत्राचा! क्रीडा निवेदक अ‍ॅलन पार्ट्रिज हे पात्र इथेच जन्मले. स्टीव्ह कूगन यांनी साकारलेले हे पात्र ब्रिटनमध्ये आजही लोकप्रिय आहे. १९९४ मध्ये हाच प्रयोग ‘द डे टुडे’ या नावाने टीव्हीवर आला.

‘द थिक ऑफ इट’ वेगळी का ठरली?

‘येस मिनिस्टर’ ही मालिका भारतात ‘जी मंत्रीजी’ या हिंदी अवतारामुळे अनेकांना ठाऊक आहे. तिथे मंत्र्याला खेळवणारा सनदी अधिकारी होता. २००५ मध्ये बीबीसी फोरवर आलेल्या ‘द थिक ऑफ इट’मध्ये ती जागा पंतप्रधानांच्या माध्यम सल्लागाराने घेतली. पीटर कपाल्डी यांनी रंगवलेला माल्कम टकर मंत्र्यांना कचकचीत शिव्या घालून कामाला लावतो. धोरणापेक्षा उद्याचा मथळा महत्त्वाचा, हा काळाचा बदल यानुचींनी नेमका हेरला.

काम करण्याची पद्धत कशी?

लेखकांचा चमू आधी पूर्ण संहिता लिहितो. प्रसंग लिहिल्याप्रमाणे चित्रित होतो आणि मग कलाकारांना उत्स्फूर्त बोलण्याची मुभा मिळते. कॅमेरा हातात धरलेला, मागे हसण्याचे रेकॉर्डिंग नाही. त्यामुळे आपण चोरून काहीतरी पाहतो आहोत असे वाटते. शिव्या चपखल बसाव्यात म्हणून खास सल्लागार नेमला होता! याच चमूतील जेसी आर्मस्ट्राँग यांनी पुढे ‘सक्सेशन’ ही गाजलेली मालिका लिहिली.

मालिकेची भाषा संसदेत कशी पोहोचली?

टकरच्या तोंडचा ‘ऑम्निशॅम्बल्स’ म्हणजे चहूबाजूंनी उडालेला सावळागोंधळ. २०१२ मध्ये विरोधी पक्षनेते एड मिलिबँड यांनी अर्थसंकल्पावर टीका करताना हा शब्द थेट संसदेत वापरला. त्याच वर्षी ऑक्सफर्डने तो ब्रिटनमधील ‘वर्षाचा शब्द’ ठरवला. ज्यांची खिल्ली उडवायची, त्यांनीच तो विनोद उचलला.

अमेरिकेत काय घडले?

‘द थिक ऑफ इट’ची अमेरिकी आवृत्ती काढण्याचा पहिला प्रयत्न फसला. नंतर एचबीओने यानुचींना मोकळीक दिली आणि २०१२ मध्ये ‘व्हीप’ आली. ज्युलिया लुई-ड्रायफस यांनी यातील भूमिकेसाठी सलग सहा एमी जिंकले. पहिल्या चार हंगामांनंतर यानुची मालिकेतून बाहेर पडले.

रशियाने बंदी का घातली?

२०१७ च्या ‘द डेथ ऑफ स्टालिन’ या चित्रपटात यानुची १९५३ च्या मॉस्कोत गेले. हुकूमशहा बेशुद्ध पडला आहे, पण डॉक्टर बोलवायचा की नाही हे ठरवायलाही त्याचे सहकारी घाबरतात. रशियाच्या सांस्कृतिक मंत्रालयाने जानेवारी २०१८ मध्ये, प्रदर्शनाला दोन दिवस उरले असताना परवाना रद्द केला. तरीही मॉस्कोतील एका चित्रपटगृहाने खेळ लावले, तेव्हा पोलीस तिथे पोहोचले.

विनोदाने सत्ता बदलते का?

ब्रिटनमध्ये नेत्यांनी यानुचींचा शब्द आपलासा केला. रशियात मात्र ६५ वर्षांपूर्वीच्या घटनेवरचा विनोदही सरकारला सोसवला नाही. यानुचींची पात्रे कारस्थानी कमी आणि भेदरलेली जास्त असतात. दुष्ट म्हटलेले सत्ताधाऱ्याला एक वेळ चालते. आपण गोंधळलेलो आणि घाबरलेलो आहोत हे लोकांना दिसलेले चालत नाही. यानुचींचा विनोद नेमका तिथेच बोट ठेवतो.