मोटार-अपघात आणि भरपाईचा हिशेब

मुंबई-अहमदाबाद हमरस्ता वसई तालुक्यांतून जातो. त्याच्या जवळच गोखिवरे, वालीव, सातिवली या भागांत कारखान्यांचे गाळे दाटीनें उभे आहेत. कामावर निघालेला मजूर आणि अवजड ट्रक यांची वाट तेथें एकच असते. अशा ठिकाणीं कोणास धडक बसली, म्हणजे पहिली धांव इस्पितळाकडे असते, आणि ती योग्यच होय. पण टांके निघून माणूस घरीं आला कीं, घर कशावर चालवावयाचें हा प्रश्न उभा राहतो. कायद्यानें त्यास दिलेलें उत्तर पुष्कळांस ठाऊक नसतें. म्हणून गाडीवाल्यानें पुढें केलेले थोडेसे रुपये घेऊन प्रकरण मिटविलें जातें.

१९३९ च्या मोटार कायद्यांत १९५६ सालीं दुरुस्ती होऊन अशा दाव्यांसाठीं स्वतंत्र न्यायाधिकरणें नेमण्याची सोय झाली. आजचा कायदा १९८८ चा आहे. अपघात गुजरातेंत झाला, तरी जखमी माणसास आपल्या राहत्या जागेच्या हद्दींतील न्यायाधिकरणाकडे दावा लावतां येतो.

दाव्याच्या वाटा दोन आहेत. कलम १६४ प्रमाणें चूक कोणाची हें सिद्ध करावें लागत नाहीं. मृत्यु झाल्यास ५ लाख आणि गंभीर दुखापत झाल्यास २॥ लाख रुपये मिळतात. कलम १६६ प्रमाणें गाडी चालविणाऱ्याचा निष्काळजीपणा दाखवावा लागतो, पण भरपाई प्रत्यक्ष नुकसानीइतकी मागतां येते. मात्र विमा कंपनीनें देऊं केलेली पहिल्या वाटेची रक्कम एकदां स्वीकारली, म्हणजे दुसरी वाट बंद होते. गाडी पळून गेली व तिचा पत्ताच लागला नाहीं, तर सरकारी योजनेंतून गंभीर जखमीस ५० हजार रुपये मिळतात.

आतां हिशेबाचें तत्त्व पाहूं जातां तें असें आहे कीं, भरपाई तुटलेल्या अवयवाची नसून बुडालेल्या कमाईची असते. राजकुमार विरुद्ध अजयकुमार या खटल्यांत सर्वोच्च न्यायालयानें २०१० सालीं हें स्पष्ट केलें. डावा हात गेला, तर सुताराचा किंवा गाडीचालकाचा धंदाच बसतो. कारकुनाची नोकरी मात्र टिकूं शकते.

उदाहरणादाखल, लेथवर काम करणारा ३० वर्षांचा एक कामगार घेऊं. त्याचा पगार महिना १५ हजार, म्हणजे वर्षाचे १,८०,००० रुपये. चाळिशीच्या आंतील अशा कामगाराच्या कमाईंत पुढील वाढीसाठीं शेंकडा ४० मिळवितात. बेरीज २,५२,००० होते. या वयास गुणक १७ आहे. डॉक्टरांच्या दाखल्यावर अपंगत्व शेंकडा ३० आहे. तेवढेंच धरलें, तर रक्कम १२,८५,२०० रुपये होते. पण त्या हातानें लेथ चालत नसल्यामुळें कमाईची शक्ति निम्म्यानें घटली असें सिद्ध झालें, तर तीच रक्कम २१,४२,००० होते. औषधोपचाराचा खर्च, अंथरुणांत गेलेल्या दिवसांचा पगार आणि सोसलेल्या वेदना यांची भरपाई याहून वेगळी.

साडेआठ लाखांचा हा फरक पुराव्यावर अवलंबून असतो. पोलिसांतील फिर्याद व पंचनामा, इस्पितळाचे कागद, औषधांच्या पावत्या आणि अपंगत्वाचा दाखला हीं तर जपावींच; पण तो कामगार नेमकें कोणतें काम करी व त्यास काय मिळे, हें दाखविणारा मालकाचा दाखला, हजेरीचा कागद किंवा बँकेचें पुस्तक हेंही तितकेंच मोलाचें असतें. रोख पगार घेणाऱ्या मजुराचा दावा बहुधा येथेंच लंगडा पडतो.

१ एप्रिल २०२२ पासून दाव्यास अपघातापासून सहा महिन्यांची मुदत घातली आहे. तिच्या वैधतेचा प्रश्न सर्वोच्च न्यायालयापुढें गेला असला, तरी निकालाच्या भरंवशावर बसून राहणें शहाणपणाचें नाहीं. गरिबास वकिलाची मदत तालुका विधि सेवा समितीकडून मागतां येते. जखम भरण्यास महिने लागतात. पण कागद गोळा करण्याचें काम घरच्या माणसांनीं पहिल्या आठवड्यांतच सुरू करावें. रुग्ण खाटेवर पडून असतां त्याच्यापुढें येणाऱ्या तडजोडीच्या कागदावर मात्र हिशेब कळल्यावांचून सही होऊं देऊं नये.