रस्त्यावरची रोजी आणि हातातला कागद

हिंगणघाट ही कापसाची पेठ. वणा नदीचा काठ, रेल्वे स्टेशन आणि नागपूर-हैदराबाद महामार्ग यांच्या आधाराने येथील बाजार वाढला. दुकानापुढे ओटा, ओट्यापुढे पत्र्याची शेड, शेडखाली टेलरची मशीन आणि पलीकडे रेडिमेड कपड्यांचा ठेला, हे चित्र आम्ही कापडाच्या धंद्यात आलो तेव्हापासून पाहत आहोत. अतिक्रमणाची नोटीस आली की हेच बांधव ती घेऊन आमच्या गादीवर येतात. आम्ही उर्दू शाळेत शिकलेलो. सरकारी मराठी आम्हालाही दोनदा वाचावी लागते. पण न वाचता ठेवून दिलेली नोटीस फार महाग पडते.

सध्या एक गैरसमज पसरला आहे. 13 नोव्हेंबर 2024 रोजी सर्वोच्च न्यायालयाने बुलडोझर कारवाईवर निकाल दिला. तो देणाऱ्या दोन न्यायमूर्तींपैकी भूषण गवई हे आपल्या अमरावतीचे. पाडण्यापूर्वी 15 दिवसांची नोटीस आणि सुनावणी आवश्यक ठरली. मात्र रस्ता, फुटपाथ, रेल्वेमार्गालगतची जागा आणि नदी-तलाव यांवरील अनधिकृत बांधकामांना हे संरक्षण नाही, असे त्याच निकालात म्हटले आहे. आमच्या गावात रस्ता, रेल्वे आणि नदी तिन्ही आहेत. म्हणून या निकालाच्या भरवशावर ठेलेवाल्याने निश्चिंत राहू नये.

मग आधार कशाचा? 1985 साली मुंबईच्या फुटपाथवासीयांच्या ऑल्गा टेलिस खटल्यात न्यायालयाने रोजीचा हक्क हा जगण्याच्या हक्काचा भाग मानला, पण फुटपाथ अडवण्याचा हक्क मान्य केला नाही. 1989 च्या सोदान सिंग खटल्यात रस्त्यावर धंदा करण्याचा हक्क मान्य झाला, पण ठरावीक जागेचा नाही.

यातून पुढे 2014 चा पथविक्रेता कायदा आला. तो माल विकणाऱ्यांसोबत सेवा देणाऱ्यांनाही लागू आहे. म्हणजे रस्त्यावर बसणारा टेलर आणि मोचीही त्यात येतो. सर्वेक्षण होऊन विक्री प्रमाणपत्रे मिळेपर्यंत विक्रेत्याला हटवता येत नाही. नंतर हटवायचे असल्यास 30 दिवसांची नोटीस लागते. माल जप्त केल्यास त्याची सहीची यादी द्यावी लागते, आणि मागणी केल्यावर कापडासारखा न नासणारा माल दोन कामकाजाच्या दिवसांत परत करावा लागतो. रेल्वेच्या मालकीच्या जागेला मात्र हा कायदा लागू नाही.

आमच्या उमेदीच्या काळात, दुसऱ्या एका गावच्या बाजारातून आमचे तागे उचलून नेले. आम्ही यादी मागितली नाही. सोडवायला गेलो तेव्हा किती तागे होते, हे सिद्ध करायला आमच्याकडे काहीच नव्हते. निम्मा माल गेला.

आता आम्हा पक्क्या दुकानदारांविषयी. हा कायदा आमच्यासाठी नाही. उपजीविकेचे दुसरे साधन नसलेल्यालाच प्रमाणपत्र मिळते, आणि ते भाड्याने देता येत नाही. दुकानापुढची जागा ठेलेवाल्याला देऊन महिन्याचे भाडे घेणाऱ्याने हे लक्षात ठेवावे. सार्वजनिक रस्ता आमच्या मालकीचा नाही. त्याचे भाडे आम्ही कसे घ्यावे?

'बारा वर्षे बसलो, जागा आपली झाली' हेही खरे नाही. सार्वजनिक रस्त्याचा ताबा परत मिळवण्यासाठी पालिकेला दाव्याची मुदतच 30 वर्षांची आहे. गुमास्ता, वीजबिल, बाजार फीची पावती हे धंद्याचे पुरावे आहेत, मालकीचे नाहीत. तरीही ते जपून ठेवावेत, कारण आपण कधीपासून बसतो हे त्यावरूनच कळते.

म्हणून बांधवांनी तीन कामे करावीत. सर्वेक्षणात नाव नोंदवून प्रमाणपत्र घ्यावे. नोटीस आल्यास मुदतीत लेखी उत्तर देऊन पोच घ्यावी. शहर पथविक्रेता समितीच्या निवडणुकीत भाग घ्यावा. तिच्यात किमान 40 टक्के सदस्य विक्रेत्यांचेच असतात. आणि शेडची एक फूटही वाढ करण्यापूर्वी, येणाऱ्या-जाणाऱ्याला वाट उरते का, हे आधी पाहावे.